कॉम्प्युटर मंदावला की आधी काय बघायचं: टास्क मॅनेजर वाचण्याचा योग्य क्रम

कॉम्प्युटर हँग झाला की बहुतेक जण एकच करतात. टास्क मॅनेजर (मशीनवर काय काय चालू आहे ते दाखवणारं विंडोजचं साधन) उघडायचा, यादीत सगळ्यात वर जे नाव दिसेल त्यावर ‘एंड टास्क’ दाबायचं आणि दोन मिनिटं बरं वाटलं की विसरून जायचं. दुसऱ्या दिवशी पुन्हा तोच प्रकार. मग कोणीतरी ‘रॅम क्लीनर’ टाकायला सांगतो, कोणी अँटीव्हायरस बंद करायला सांगतो, आणि शेवटी मशीन दुकानात जाऊन फॉरमॅट होऊन येतं.

गडबड होते ती क्रमात. आधी नेमकं काय अडलंय ते ठरवायचं, मग कोणामुळे अडलंय ते शोधायचं, मग ती प्रोसेस (म्हणजे चालू असलेला प्रोग्रॅम किंवा त्याचा एक भाग) कोणाची आहे याची खात्री करायची, आणि तिचं काय करायचं हा प्रश्न सगळ्यात शेवटी घ्यायचा. खालचे टप्पे विंडोज ११ धरून लिहिले आहेत. विंडोज १० मध्ये तेच टॅब डावीकडे न दिसता वर ओळीने दिसतात, आणि छोटीच खिडकी उघडली तर तिच्या तळाशी असलेलं ‘मोअर डिटेल्स’ दाबावं लागतं. बाकी फरक किरकोळ आहेत.

टप्पा १: मशीन ठीक असतानाची नोंद

हा टप्पा जवळजवळ सगळेच गाळतात, आणि पुढचा सगळा गोंधळ इथून सुरू होतो. आठ जीबी रॅमच्या लॅपटॉपवर ‘मेमरी ६५ टक्के’ हा आकडा जास्त की कमी? एकट्या आकड्यावरून सांगता येत नाही. त्याच लॅपटॉपवर एरवी ६० टक्के असेल तर काळजीचं काही नाही. एरवी ४० असेल तर मधे काहीतरी नवीन आलंय.

म्हणून मशीन नीट चालत असतानाच एकदा नोंद करून ठेवा. पद्धत अशी:

१. स्टार्ट मेनूतून ‘रीस्टार्ट’ करा. ‘शट डाउन’ करून पुन्हा चालू करणं इथे चालणार नाही. कारण पुढच्या इशाऱ्यात आहे.

२. लॉगिन झाल्यावर दहा मिनिटं काहीही उघडू नका. या काळात स्टार्टअपचे प्रोग्रॅम, अपडेटची तपासणी, अँटीव्हायरस, क्लाउडचं सिंक हे सगळं एकदमच धावत असतं. तेव्हाचे आकडे कोणत्याच मशीनवर चांगले दिसत नाहीत.

३. टास्क मॅनेजर उघडून ‘परफॉर्मन्स’ टॅबमधले हे आकडे वहीत किंवा मोबाइलवर टिपा: सीपीयू किती टक्के, त्याचा ‘बेस स्पीड’ किती, लॉजिकल प्रोसेसर (एका वेळी स्वतंत्र काम चालवू शकणारे सीपीयूचे भाग) किती, मेमरीत ‘इन यूज’, ‘कमिटेड’ आणि ‘नॉन-पेज्ड पूल’ (विंडोजच्या गाभ्याची, कायम रॅममध्येच राहणारी मेमरी) किती, डिस्क एसएसडी आहे की हार्ड डिस्क.

४. मग रोजची कामं उघडा. ब्राउझर, टॅली, एक्सेल, जे काही असेल ते. पाच मिनिटांनी तेच आकडे पुन्हा टिपा. सोबत तारीख लिहायला विसरू नका.

स्क्रीनशॉट काढला तरी चालतो. फक्त तो ‘परफॉर्मन्स’चा काढा; प्रोसेसच्या यादीचा काढला तर अर्धी यादी खाली स्क्रोलमध्ये राहते.

इशारा: ‘मी रोज मशीन बंद करतो’ यावर विसंबू नका. ‘परफॉर्मन्स’मध्ये सीपीयूखाली ‘अप टाइम’ बघा. तिथे पहिला आकडा दिवसांचा असतो. रोज शट डाउन करणाऱ्यांच्याही मशीनवर तो वीस-पंचवीस दिसतो, कारण विंडोजमधलं ‘फास्ट स्टार्टअप’ चालू असेल तर शट डाउन करताना विंडोजचा गाभा पूर्ण बंद न होता डिस्कवर जतन होतो आणि दुसऱ्या दिवशी तसाच उचलला जातो. अडकलेला ड्रायव्हर (हार्डवेअर चालवणारा प्रोग्रॅम) असेल तर तोही त्याच्याबरोबर परत येतो. खरी नवी सुरुवात फक्त रीस्टार्टने होते. तक्रार आली की पहिला प्रश्न हाच: अप टाइम किती आहे?

टप्पा २: अडचण चालू असतानाच बघा

मशीन मंद असताना बघायचं ठरवलं तर टास्क मॅनेजर उघडायलाच वेळ लागतो. त्यासाठी कंट्रोल, शिफ्ट आणि एस्केप या तीन कळा एकत्र दाबा. थेट उघडतो. कंट्रोल-ऑल्ट-डिलीटचा रस्ता लांबचा आहे, पण स्क्रीन पूर्ण अडकली असेल तेव्हा तोच उपयोगी पडतो. टास्क मॅनेजरच्या सेटिंग्जमध्ये ‘ऑलवेज ऑन टॉप’ आधीच चालू करून ठेवा. नाहीतर अडकलेली खिडकी वर आणि टास्क मॅनेजर तिच्या मागे, असं होतं.

उघडल्यावर पहिले दहा-पंधरा सेकंद आकड्यांकडे लक्ष देऊ नका. टास्क मॅनेजर स्वतः उघडताना सीपीयू खातो आणि यादीत वर दिसतो.

यादी सारखी वरखाली उडत असेल तर कंट्रोलची कळ दाबून धरा. जोवर दाबलेली आहे तोवर आकडे गोठतात. निवांत वाचा, मग सोडा. चुकीच्या ओळीवर क्लिक होऊन भलतीच प्रोसेस बंद होण्याचे प्रकार यामुळे टळतात.

टप्पा ३: चौघांपैकी कोण अडलंय?

‘प्रोसेसेस’ टॅबमध्ये प्रत्येक कॉलमच्या डोक्यावर एकूण टक्के असतात: सीपीयू, मेमरी, डिस्क, नेटवर्क. सध्या फक्त ही वरची ओळ वाचा. खालची नावं वाचण्याचा मोह आवरा.

*सीपीयू.* ९० टक्क्यांच्या वर मिनिटभर टिकून असेल तर अडचण सीपीयूची. क्षणभर शंभरला जाऊन परत येणं अगदी स्वाभाविक आहे. पण सगळ्यात जास्त फसगत उलट्या बाजूने होते: एकूण सीपीयू १५ टक्केच दिसतोय, तरी प्रोग्रॅम अडकलेला. इथे थोडा हिशोब करावा लागतो. तुमच्या मशीनला ८ लॉजिकल प्रोसेसर असतील, तर एका प्रोसेसरची पूर्ण ताकद म्हणजे एकूण साडेबारा टक्के. पुष्कळ प्रोग्रॅमचं मुख्य काम एका वेळी एकाच लॉजिकल प्रोसेसरवर चालतं. त्यामुळे एखादी प्रोसेस बराच वेळ साडेबारा-तेराच्या आसपास चिकटून बसली असेल तर ती आपल्या वाट्याच्या शंभर टक्के क्षमतेवर पोचली आहे. १६ लॉजिकल प्रोसेसर असतील तर हाच आकडा सव्वासहा होतो. परफॉर्मन्समधल्या आलेखावर राइट क्लिक करून लॉजिकल प्रोसेसरनुसार वेगवेगळे आलेख पाहिले की चित्र बरंच स्पष्ट होतं.

त्याच पानावर ‘स्पीड’ बघा. काम जड आहे आणि वेग बेस स्पीडच्या बराच खाली अडकलाय, उदाहरणार्थ बेस २.४ गिगाहर्ट्‌झ आणि चालू वेग ०.८, तर दोषी प्रोसेस शोधून उपयोग नाही. मशीन तापून स्वतःला आवरतंय, किंवा चार्जर कमी ताकदीचा आहे, किंवा बॅटरी सेव्हर चालू आहे. मे महिन्यात नागपूर-अकोल्याकडे पंख्याची जाळी धुळीने बुजलेला लॅपटॉप गादीवर ठेवला तर दुसरं काय होणार?

*मेमरी.* टक्क्यांपेक्षा आतले शब्द महत्त्वाचे. ‘कॅश्ड’ ही वाया गेलेली रॅम नाही. विंडोज मोकळी रॅम पूर्वी वाचलेल्या फाइली हाताशी ठेवायला वापरतं आणि कोणी मागितली की लगेच सोडून देतं. ‘अव्हेलेबल’मध्ये ती धरलेलीच असते. बघायचं ते ‘अव्हेलेबल’ आणि ‘कमिटेड’. कमिटेडमध्ये दोन आकडे तिरक्या रेघेने वेगळे केलेले असतात: पहिला प्रोग्रॅमना कबूल केलेल्या मेमरीचा, दुसरा जास्तीत जास्त किती कबूल करता येईल त्या मर्यादेचा. ही मर्यादा म्हणजे रॅम आणि डिस्कवरची पेज फाइल (रॅममध्ये न मावणारा भाग ठेवायची फाइल) यांची बेरीज. पहिला आकडा दुसऱ्याला भिडायला आला की प्रोग्रॅम ‘मेमरी अपुरी’ म्हणून पडायला लागतात.

इशारा: रॅम क्लीनर नावाची ॲप टाकू नका. ती प्रोग्रॅमच्या वापरातली पानं (मेमरीचे छोटे तुकडे) रॅममधून बाहेर ढकलतात. आकडा लगेच खाली येतो आणि बरं वाटतं. पण प्रोग्रॅमला तीच पानं पुन्हा लागतात, आणि तेव्हा त्यातली बरीचशी डिस्कवरून आणावी लागतात. पेज फाइल बंद करण्याचा सल्लाही तितकाच वाईट आहे. त्याने वरची मर्यादाच खाली येते.

*डिस्क.* इथला शंभर टक्के म्हणजे वेगाची कमाल नव्हे. डिस्क त्या काळात सतत कामात होती एवढाच त्याचा अर्थ. म्हणूनच ‘डिस्क १०० टक्के, वेग फक्त १ एमबी’ असं दृश्य दिसतं आणि लोक बुचकळ्यात पडतात. तबकडीची हार्ड डिस्क सेकंदाला शंभराच्या आसपासच वेगवेगळ्या जागी जाऊन वाचू शकते. दर खेपेला चार केबी उचलले तर सेकंदाला जेमतेम ४०० केबी होतात. वाणसामानाची एक यादी घेऊन प्रत्येक वस्तूसाठी वेगळ्या दुकानात जाण्यासारखं हे आहे. पिशवी हलकी, पण दिवस संपतो. त्यामुळे टक्क्यांबरोबर ‘ॲव्हरेज रिस्पॉन्स टाइम’ वाचा. एसएसडीवर तो सहसा काही मिलिसेकंदांपुरताच असतो. तो शेकड्यांत जाऊन तिथेच राहत असेल तर मशीन अडकणारच, बाकी सगळे आकडे कितीही छान दिसोत.

*नेटवर्क.* हा आकडा मेगाबिटमध्ये असतो. आठने भागलं की मेगाबाइट मिळतात. मोबाइलच्या हॉटस्पॉटवर काम करत असाल तर नेटवर्कच्या सेटिंग्जमध्ये ते कनेक्शन ‘मीटर्ड’ म्हणून नोंदवा, म्हणजे विंडोज मोठी डाउनलोड शक्य तितकी पुढे ढकलतं. महिनाभरात कोणत्या ॲपने किती डेटा खाल्ला ते सेटिंग्जमधल्या ‘डेटा युसेज’मध्ये दिसतं, त्यासाठी टास्क मॅनेजरसमोर बसून राहायची गरज नाही.

तपासा: पुढे जाण्यापूर्वी एक वाक्य लिहून काढा. ‘दुपारी मशीन अडकतं तेव्हा डिस्क शंभरवर, रिस्पॉन्स टाइम ८०० मिलिसेकंद, सीपीयू २० टक्के.’ असं वाक्य लिहिता येत नसेल तर टप्पा ४ला जाऊ नका. आणि चारही आकडे शांत असताना मशीन अडकत असेल, तर थेट टप्पा ७ बघा.

टप्पा ४: प्रोसेस शोधणं

आता ज्या कॉलमने अडवलंय त्याच्या शीर्षकावर क्लिक करा, म्हणजे मोठे आकडे वर येतील. डिस्क अडलेली असताना मेमरीने क्रम लावून बघणं ही नेहमीची चूक. मेमरीच्या यादीत ब्राउझर बहुतेक वेळा वरच असतो, आणि विनाकारण त्याच्यावर आळ येतो.

‘डिटेल्स’ टॅबमध्ये ‘सिस्टम आयडल प्रोसेस’ नावाची ओळ ९० किंवा ९५ दाखवते आणि दर काही दिवसांनी कोणीतरी घाबरून ती बंद कशी करायची ते विचारतं. तो आकडा रिकाम्या सीपीयूचा आहे. जितका जास्त तितकं चांगलं.

ब्राउझरच वर असेल तर टास्क मॅनेजर पुढचं फारसं सांगू शकत नाही. क्रोम आणि एजमध्ये टॅब, एक्स्टेन्शन, ग्राफिक्स यांच्या वेगवेगळ्या प्रोसेस चालतात, म्हणून एकाच नावाच्या वीस ओळी दिसतात. त्यांपैकी अंदाजाने एक बंद करू नका. ब्राउझरची खिडकी पुढे घेऊन शिफ्ट आणि एस्केप दाबा. ब्राउझरचा स्वतःचा टास्क मॅनेजर उघडतो आणि त्यात प्रत्येक टॅबचं, प्रत्येक एक्स्टेन्शनचं नाव असतं. बरेचदा दोषी निघते ती कधीतरी कूपनसाठी टाकलेली आणि विसरलेली एक्स्टेन्शन. फायरफॉक्समध्ये हीच माहिती ‘मोअर टूल्स’मधल्या टास्क मॅनेजरमध्ये आहे.

डिस्कसाठी टास्क मॅनेजर अपुरा पडतो. तो प्रोसेसचं नाव देतो, पण ती कोणत्या फाइलवर झगडतेय ते सांगत नाही. त्यासाठी स्टार्टमध्ये ‘रिसोर्स मॉनिटर’ शोधून उघडा. परफॉर्मन्सच्या पानावरून, वरच्या तीन टिंबांच्या मेनूतूनही तिकडे जाता येतं. त्यातल्या ‘डिस्क’ टॅबमध्ये ‘डिस्क ॲक्टिव्हिटी’ उघडा आणि ‘टोटल’वर क्रम लावा. समोर फाइलचा पूर्ण पत्ता येतो, आणि बहुतेक कोडी इथेच सुटतात. विंडोज सर्च नव्याने कॉपी केलेल्या फोटोंची सूची करतंय, क्लाउडचा फोल्डर सिंक होतोय, की अँटीव्हायरस तोच मोठा बॅकअप पुन्हापुन्हा उघडतोय, हे पत्त्यावरूनच कळतं. पेज फाइलचं नाव सारखं वर दिसत असेल तर अडचण डिस्कची दिसली तरी मूळ रॅमच्या टंचाईत आहे.

ते पक्कं करायला त्याच खिडकीतला ‘मेमरी’ टॅब बघा. तिथे ‘हार्ड फॉल्ट्स’ नावाचा कॉलम आहे. नावाने घाबरू नका, हा बिघाड नव्हे. हवं ते पान रॅममध्ये सापडलं नाही, डिस्कवरून आणावं लागलं, एवढंच. एखादा प्रोग्रॅम उघडताना हा आकडा उसळतो आणि ते ठीकच आहे. काही नवीन उघडत नसताना मिनिटेच्या मिनिटे सेकंदाला शेकडो फॉल्ट येत असतील, तर रॅम खरोखर कमी पडतेय.

याच साधनाचा एक बाजूचा उपयोग सांगून ठेवतो. ‘फाइल वापरात आहे, डिलीट होत नाही’ असा संदेश आला की रिसोर्स मॉनिटरच्या ‘सीपीयू’ टॅबमध्ये ‘असोसिएटेड हँडल्स’च्या शोधात त्या फाइलचं नाव टाका. कोणी धरून ठेवलीय ते समोर येतं.

सगळ्या प्रोसेसच्या मेमरीची बेरीज केली तरी ‘इन यूज’शी जुळत नाही, दोन-तीन जीबी कुठे गेले कळत नाही, असंही घडतं. अशा वेळी परफॉर्मन्समधला ‘नॉन-पेज्ड पूल’ तुमच्या टप्पा १च्या नोंदीशी ताडून बघा. एरवी काहीशे एमबी असणारा हा आकडा जीबींमध्ये गेला असेल तर एखादा ड्रायव्हर मेमरी घेऊन परत करत नाहीये. हा चोर प्रोसेसच्या यादीत कधीच दिसत नाही. नेटवर्क कार्ड, व्हीपीएन किंवा जुन्या अँटीव्हायरसचा ड्रायव्हर आधी तपासा.

टप्पा ५: ही प्रोसेस कोणाची?

नाव सापडलं म्हणजे ओळख पटली असं नाही. नाव कोणीही काहीही ठेवू शकतं. चार गोष्टी पाहा, याच क्रमाने.

१. ओळीवर राइट क्लिक करून ‘ओपन फाइल लोकेशन’. विंडोजच्या स्वतःच्या प्रोसेस सहसा सी ड्राइव्हवरच्या विंडोज फोल्डरातल्या ‘सिस्टम३२’मधून चालतात. विंडोजच्या प्रोसेसचं नाव लावून एखादी फाइल डाउनलोड्स किंवा टेम्प फोल्डरातून चालत असेल तर शंका घ्या. मात्र ‘ॲपडेटा’ फोल्डर दिसला म्हणून लगेच व्हायरस म्हणू नका. मीटिंगची आणि गप्पांची बरीच प्रामाणिक ॲप तिथेच बसतात.

२. त्या फाइलच्या ‘प्रॉपर्टीज’मध्ये ‘डिजिटल सिग्नेचर्स’ टॅब. ओळखीच्या कंपनीची सही हवी. सही नसणं हा पुरावा नाही, पण जागा चुकीची आणि सहीही नाही, असं एकत्र आलं तर पुढे जा.

३. ‘डिटेल्स’मध्ये कॉलमच्या शीर्षकावर राइट क्लिक करून ‘सिलेक्ट कॉलम्स’मधून ‘कमांड लाइन’ जोडा. प्रोसेस कोणी, कशासाठी चालवली याचा अंदाज त्या ओळीतून येतो.

४. नावातली अक्षरं एकेक करून वाचा. ‘ओ’ ऐवजी शून्य, दोन अक्षरांची अदलाबदल, असे प्रकार घाईत डोळ्यांना दिसत नाहीत.

‘सर्व्हिस होस्ट’ या नावाच्या पन्नासेक ओळी दिसल्या तर बिचकू नका. विंडोज १० च्या २०१७ मधल्या आवृत्तीपासून, ३.५ जीबीहून जास्त रॅम असलेल्या मशीनवर बहुतेक सर्व्हिसना (मागे न दिसता चालणाऱ्या कामांना) वेगळा होस्ट मिळतो, म्हणून संख्या वाढलेली दिसते. ओळीशेजारचा बाण दाबला की आत कोणती सर्व्हिस आहे ते कळतं.

वारंवार बदनाम होणारी काही नावं: ‘अँटीमालवेअर सर्व्हिस एक्झिक्युटेबल’ म्हणजे विंडोजचाच डिफेंडर, तपासणी संपली की शांत होतो. ‘विंडोज मॉड्यूल्स इन्स्टॉलर वर्कर’ अपडेट बसवतो. याला मधेच मारलंत तर अर्धवट अपडेटची डोकेदुखी मागे लागेल. ‘डेस्कटॉप विंडो मॅनेजर’ पडद्यावरचं सगळं रेखाटतो. ‘सिस्टम इंटरप्ट्स’ ही खरी प्रोसेसच नाही. तो आकडा सतत पाच-दहा टक्क्यांवर राहत असेल तर हार्डवेअर किंवा ड्रायव्हरकडे बघा. आधी यूएसबीला जोडलेल्या वस्तू एकेक काढून पाहा.

एवढं करूनही खात्री होत नसेल तर मायक्रोसॉफ्टच्या सिसइंटर्नल्स संचातलं ‘प्रोसेस एक्सप्लोरर’ घ्या, मोफत आहे. कोणत्या प्रोसेसने कोणाला जन्म दिला हे त्यात झाडासारखं दिसतं, आणि सह्या तपासण्याची सोयही त्यातच आहे. खरा ‘सर्व्हिस होस्ट’ विंडोजच्या ‘सर्व्हिसेस’ प्रोसेसखाली दिसतो. भलत्याच प्रोग्रॅमखाली लटकलेला असेल तर तो बनावट असण्याची शक्यता मोठी.

टप्पा ६: कारवाई, हलक्यापासून जडपर्यंत

१. प्रोग्रॅम नेहमीसारखा बंद करा आणि अर्धा मिनिट थांबा. खिडकी गेली तरी प्रोसेस फाइल जतन करत असू शकते.

२. ‘नॉट रिस्पॉन्डिंग’ दिसलं म्हणून लगेच मारू नका. ‘डिटेल्स’मध्ये त्या ओळीवर राइट क्लिक करून ‘ॲनालाइझ वेट चेन’ निवडा. ती दुसऱ्या कोणाची वाट बघत असेल तर त्याचं नाव तिथे येतं. प्रिंटरच्या प्रोसेसपायी वर्ड अडकलेलं असताना वर्डला मारून फक्त मजकूर जातो.

३. काम हवं आहे, पण ते मशीनला दाबतंय, अशा वेळी विंडोज ११ मध्ये राइट क्लिक करून ‘एफिशियन्सी मोड’ द्या. प्रोसेसचं प्राधान्य खाली येतं, काम चालू राहतं.

४. मग ‘एंड टास्क’. यात जतन न केलेलं काम जातं. वर्डमधली आपोआप होणारी साठवण मूळ सेटिंगनुसार दर १० मिनिटांनी होते. म्हणजे नऊ मिनिटांचं टंकलेखन सहज गमावू शकता.

५. टास्कबार किंवा डेस्कटॉप अडकला असेल तर ‘विंडोज एक्सप्लोरर’ निवडून ‘रीस्टार्ट टास्क’ दाबा. अख्खं मशीन रीस्टार्ट करण्याची गरज नसते.

६. कायमचा उपाय ‘स्टार्टअप ॲप्स’मध्ये. ज्यांचा ‘स्टार्टअप इम्पॅक्ट’ हाय आहे आणि जी रोज लागत नाहीत ती ‘डिसेबल’ करा. डिसेबल म्हणजे काढून टाकणं नव्हे. हवं तेव्हा ॲप उघडता येतं. टचपॅड, साउंड आणि ग्राफिक्सची नावं राहू द्या. एका वेळी दोन-तीनच बदल करा, नाहीतर कशाने फरक पडला ते कळणार नाही.

इशारा: ‘ही प्रोसेस बंद केल्यास विंडोज निरुपयोगी होईल किंवा बंद पडेल’ अशा अर्थाची सूचना आली की ‘कॅन्सल’ दाबा. त्या सूचनेत अतिशयोक्ती नसते. तसंच, ‘या तीस सर्व्हिस बंद करा आणि मशीन पळवा’ अशा याद्या व्हॉट्सॲपवर फिरत असतात. त्यातली एखादी सर्व्हिस बंद झाल्याचा परिणाम तीन महिन्यांनी प्रिंटर चालेनासा झाल्यावर कळतो, आणि तोवर यादी कोणती होती हेही आठवत नाही.

टप्पा ७: बघायला गेलं की गायब होणारा त्रास

मशीनला हात लावला नाही की पंखा जोरात फिरतो, टास्क मॅनेजर उघडला की सगळं शांत. याला दोन अगदी वेगळी कारणं असू शकतात. एक निरुपद्रवी: मशीन रिकामं दिसलं की विंडोज स्वतःची देखभाल उरकून घेतं आणि तुम्ही माउस हलवला की थांबतं. दुसरं घातक: चोरून क्रिप्टो मायनिंग करणारे (तुमच्या मशीनच्या ताकदीवर दुसऱ्यासाठी आभासी चलन कमावणारे) काही प्रोग्रॅम टास्क मॅनेजर उघडल्याचं ओळखतात आणि तेवढ्यापुरते गप्प बसतात. क्रॅक केलेलं सॉफ्टवेअर किंवा गेम टाकलेल्या मशीनवर दुसरी शक्यता आधी धरा.

दोन्हींतला फरक समोर बसून कळत नाही. नोंद लावून ठेवावी लागते. स्टार्टमध्ये ‘परफॉर्मन्स मॉनिटर’ शोधा. ‘डेटा कलेक्टर सेट्स’मध्ये ‘यूजर डिफाइन्ड’वर राइट क्लिक करून नवा सेट बनवा, ‘क्रिएट मॅन्युअली’ निवडा आणि ‘परफॉर्मन्स काउंटर’ला खूण करा. काउंटर तीनच पुरेत: ‘प्रोसेस’मधला ‘पर्सेंट प्रोसेसर टाइम’ सगळ्या प्रोसेससाठी, ‘मेमरी’मधला ‘अव्हेलेबल एमबाइट्स’, आणि ‘फिजिकल डिस्क’मधला ‘ॲव्हरेज डिस्क सेक पर ट्रान्सफर’. नमुना दर १५ सेकंदांनी घेतला जातो, तेवढा ठीक आहे. टास्क मॅनेजर बंद ठेवा, सेट सुरू करा, तासभर मशीनला हात लावू नका. मग सेट थांबवून अहवाल उघडा.

वाचताना एक भानगड लक्षात ठेवा. इथे प्रोसेसचा शंभर म्हणजे एक लॉजिकल प्रोसेसर. ८ असतील तर एखाद्या प्रोसेसचा आकडा ८०० पर्यंत जाऊ शकतो. देखभालीची कामं टप्प्याटप्प्याने येतात आणि संपतात, आणि त्यांची नावं विंडोजची असतात. तासभर एकसारखी सपाट उंच रेघ आणि अनोळखी नाव दिसलं तर टप्पा ५ला परत जा. बनावट ठरलं तर नुसतं ‘एंड टास्क’ पुरणार नाही, ते पुन्हा उठतं. विंडोज सिक्युरिटीमधली ‘ऑफलाइन स्कॅन’ चालवा. मशीन रीस्टार्ट होऊन विंडोज सुरू होण्याआधीच तपासणी होते, साधारण १५ मिनिटं लागतात. त्यानंतर बँकेचे आणि ईमेलचे पासवर्ड दुसऱ्या मशीनवरून बदला.

हळूहळू वाढणारी मेमरी पकडायची असेल तर ‘डिटेल्स’मध्ये ‘कमिट साइझ’ कॉलम जोडा. नेहमीचा मेमरीचा आकडा विंडोजने पानं बाहेर काढली की घटतो आणि दिशाभूल करतो. तोच प्रोग्रॅम, तेवढंच काम, आणि सकाळी, दुपारी, संध्याकाळी कमिट साइझ चढतच गेली तर गळती आहे. त्या प्रोग्रॅमचं अपडेट बघा. नसेल तर दुपारी एकदा बंद करून पुन्हा उघडणं हाच व्यवहार्य तोडगा.

‘अमुक दिवसापासून असं व्हायला लागलं’ एवढंच आठवत असेल तर स्टार्टमध्ये ‘रिलायबिलिटी हिस्टरी’ शोधा. कोणत्या तारखेला काय बसवलं, काय कोसळलं, हे दिवसवार दिसतं.

टप्पा ८: पुन्हा मोजा, आणि कुठे थांबायचं ते ठरवा

बदल केल्यावर रीस्टार्ट करा, दहा मिनिटं थांबा, टप्पा १चे तेच आकडे त्याच क्रमाने टिपा. ‘आता जरा फास्ट वाटतंय’ याला नोंद म्हणत नाहीत. फरक पडला नसेल तर केलेला बदल मागे घ्या आणि मगच दुसरा करा.

पुढच्या तीन परिस्थितींत प्रोसेस शोधत बसू नका. हार्ड डिस्कवर विंडोज आहे आणि रिस्पॉन्स टाइम रोजच शेकड्यांत आहे: एसएसडी टाका, आणि अचानक असं व्हायला लागलं असेल तर डिस्क मरणपंथाला असू शकते, म्हणून आधी बॅकअप घ्या. रोजच्याच कामात कमिटेडचा आकडा रॅमच्या बराच वर आणि हार्ड फॉल्ट सतत: रॅम वाढवा. विकत घेण्यापूर्वी परफॉर्मन्समधल्या मेमरीच्या पानावर ‘स्लॉट्स यूज्ड’ बघा. ‘२ पैकी १’ असेल तर एक पट्टी पुरेल. मात्र काही लॅपटॉपमध्ये रॅम बोर्डावरच डकवलेली असते आणि तरी स्लॉटचे आकडे दिसतात, म्हणून मॉडेलची माहिती बघूनच पैसे द्या. आणि जड कामात वेग बेसच्या खूप खाली राहत असेल तर पंखा साफ करून थर्मल पेस्ट बदलून घ्या.

दुकानात मशीन द्यावंच लागलं तर टप्पा १ आणि टप्पा ३ची नोंद सोबत द्या, आणि दुरुस्तीनंतर काउंटरवरच तेच आकडे उघडून दाखवायला सांगा.